नावरान ते बाशिका: पेशमर्गाच्या टी-५५ रणगाड्यांचं प्रकरण

ऑगस्ट २०१४ ते नोव्हेंबर २०१६ या काळात मोसुलच्या उत्तरेला आणि पूर्वेला (नावरान आणि बाशिका याच पट्ट्यात) आयसिससमोर जी आघाडी उभी होती, तिचा मोठा भाग इराकी कुर्दिस्तानच्या पेशमर्गांनी, म्हणजे कुर्दी सैनिकांनी, धरून ठेवला होता. त्यांच्याकडचे रणगाडे म्हणजे टी-५४, टी-५५, टी-६२ आणि याच घराण्यातले चिनी टाइप ५९ व टाइप ६९. यातला टी-५५ हा १९५८ साली उत्पादनात आलेला: वजन ३६ टन, आत चार माणसं, १०० मिमीची डी-१० तोफ, ५८० अश्वशक्तीचं व्ही-५५ डिझेल इंजिन. समोरच्याकडे कॉर्नेट आणि कॉन्कुर्स ही रणगाडाविरोधी क्षेपणास्त्रं, सुरुंग, बोगदे आणि स्फोटकांनी भरलेले चिलखती ट्रक.

आमचं मत आधीच सांगून टाकतो. या आघाडीवर टी-५५ कामाला आला तो मातीच्या बांधामागची, स्वतःच्या पट्ट्यांवर जागा बदलू शकणारी चिलखती तोफ म्हणून. रणगाड्याकडून एरवी जी अपेक्षा असते, म्हणजे मुसंडी मारणं, शत्रूची फळी फोडणं, चालत्या गाडीतून नेम धरणं, ती त्याच्याकडून ठेवणं चूक होतं. हे ओळखलं की बांध कसा घालायचा, गोळा कुठला भरायचा, बॅटरीकडे कधी बघायचं, हे सगळं त्यातूनच ठरत जातं.

हे रणगाडे आले कुठून

मार्च १९९१च्या उठावात इराकी फौज उत्तरेतून मागे हटली तेव्हा पहिला मोठा साठा हाती लागला. किर्कुक आठवड्याभरात पुन्हा गेलं, पण डोंगराकडे ओढून नेलेली वाहनं राहिली. दुसरा साठा एप्रिल २००३चा. १० एप्रिलला किर्कुक आणि ११ एप्रिलला मोसुल पडलं आणि इराकी सैन्याच्या छावण्या उघड्या पडल्या.

त्याआधी चारच दिवस, ६ एप्रिल २००३ला, देबेका खिंडीजवळ याच टी-५५ची काय गत झाली हे पेशमर्गांनी शेजारून पाहिलं होतं. अमेरिकी स्पेशल फोर्सेसच्या छोट्या तुकड्यांनी जॅव्हेलिन क्षेपणास्त्रांनी इराकी टी-५५ आणि एमटी-एलबी या चिलखती गाड्यांचा हल्ला मोडून काढला. उघड्या मैदानात दिवसाढवळ्या पुढे येणाऱ्या टी-५५ला आधुनिक क्षेपणास्त्रापुढे किती वेळ मिळतो, याचा तो नमुना होता. त्याच जातीचे रणगाडे पुढे पेशमर्गांच्या ताब्यात आले आणि समोर क्षेपणास्त्रवाले आयसिसचे झाले.

नवे रणगाडे मिळण्याचा मार्ग बंद होता. इराकला १४० अमेरिकी एम१ए१ एब्रॅम्स मिळाले ते बगदादच्या फौजेला, आणि कुर्दांना जाणारी शस्त्रंही बगदादच्या संमतीनेच जायची. जर्मनीने २०१४च्या शरदात मिलान या रणगाडाविरोधी क्षेपणास्त्रांचे ३० संच आणि ५०० क्षेपणास्त्रं दिली. पाचशे हा आकडा ऐकायला भरघोस वाटतो, पण पेशमर्गांची आघाडी सुमारे १,००० किमी लांब होती. रोजच्या गोळीबाराला मिलान उधळणं परवडणारं नव्हतं. दुधाची तहान ताकावर भागवायची होती, आणि ताक म्हणजे टी-५५.

(भारतीय वाचकाला हे यंत्र परकं नाही. १९७१ला छांबमध्ये आपले टी-५४ आणि टी-५५ लढले, आणि पुढे आपण त्यांवर १०५ मिमीची तोफ चढवली. पेशमर्गांकडचे मात्र मूळच्या १०० मिमी तोफेचेच राहिले.)

बांध आणि उतार

आघाडीचा ढाचा सगळीकडे साधारण सारखाच. बुलडोझरने लोटलेला मातीचा सलग बांध, त्यापुढे खंदक, काही अंतरावर वाळूच्या पोत्यांची ठाणी. रणगाड्यासाठी बांधाच्या आतल्या बाजूने चढ करून ठेवायचा. गाडी चढावर गेली की फक्त बुरूज आणि तोफ बांधावर दिसते. गोळा झाडायचा, मागे उतरायचं, दुसऱ्या चढावरून पुन्हा वर यायचं.

यात चूक होते ती चढाच्या माथ्यावर. टी-५५ची तोफ क्षितिजाच्या खाली फक्त ५ अंश झुकते. बुरूज बसका ठेवायचा म्हणून सोव्हिएत अभियंत्यांनी ही किंमत मोजली. बुरुजाच्या छताला तोफेचा मागचा भाग आतून अडतो. आता चढाचा माथा सपाट न करता गाडी नाक वर करून ३ अंशांवर उभी राहिली, तर खाली झुकायला उरले २ अंश. बांध ३ मीटरचा, तोफ जमिनीपासून पावणेदोन मीटरवर, म्हणजे बांधापुढची जवळपास १३५ मीटर जमीन तोफेला दिसतच नाही. नाक ५ अंश वर असेल तर समोरच्या सपाट रानात काहीच मारता येत नाही, तोफ फक्त आडवी किंवा आभाळाकडे. म्हणून चढाच्या माथ्यावर गाडीच्या लांबीइतका, म्हणजे साडेसहा मीटरचा सपाट ओटा हवा, आणि तो चांगला दाबलेला हवा. ३६ टनांची गाडी दिवसातून चार वेळा चढली-उतरली की मोकळी माती मागच्या चाकांखाली बसते आणि नाक आपोआप वर जायला लागतं. ओटा डावी-उजवीकडे कललेला असेल तर वेगळाच घोटाळा: तोफ जितकी उचलाल तितका गोळा कललेल्या बाजूला सरकतो, आणि नेमबाजाला वाटतं दुर्बीण बिघडली.

बाशिकाच्या बाबतीत हाच हिशेब डोंगरामुळे उलटा बसला. गाव डोंगराच्या पायथ्याशी, पेशमर्गांच्या काही चौक्या वर झर्दकच्या उंचीवर. नकाशावर जागा अव्वल, सगळं गाव नजरेखाली. पण तोफ जर लक्ष्यापेक्षा २०० मीटर उंचावर असेल, तर ५ अंशांच्या मर्यादेत २,३०० मीटरच्या अलीकडचं काहीच मारता येत नाही. दीड किलोमीटरवरच्या घरासाठी साडेसात अंश लागतात. तोडगा एकच, गाडीला उताराकडे नाक करून उभं करणं. तसं केलं की बुरुजाचं पातळ छत समोरच्याला दिसायला लागतं, आणि एकच मागचा गिअर असलेल्या गाडीला चढावर मागे यावं लागतं. म्हणून डोंगरमाथा निरीक्षकाला द्यावा, तोफ पायथ्याच्या बांधावर ठेवावी, आणि दोघांमध्ये वॉकी-टॉकी असावी.

मागच्या गिअरबद्दल आणखी थोडं. त्यात गाडीचा वेग ताशी ७ किमीच्या आसपास, म्हणजे सेकंदाला जेमतेम दोन मीटर. कॉन्कुर्सला अडीच किलोमीटर कापायला साधारण १२ सेकंद लागतात, कॉर्नेटला थोडे कमी. तेवढ्या वेळात पाच-सात मीटर मागे सरकून बांधाआड जाता येतं, पण तीन अटींवर: क्षेपणास्त्र सुटल्याची धूळ कुणाच्या तरी नजरेला पडली पाहिजे, इंजिन चालू पाहिजे, आणि गाडी आधीच मागच्या गिअरमध्ये पाहिजे. चढावर गाडी ब्रेक लावून, न्यूट्रलमध्ये ठेवून चहा पिणारा चालक या हिशेबात बसत नाही. टी-५५चं बुरुजाचं पुढचं चिलखत २०० मिमीच्या आसपास आणि हलचं, म्हणजे बुरुजाखालच्या धडाचं, बाजूचं पोलाद ८० मिमी. कॉर्नेट मीटरभर पोलाद फोडतं. त्यामुळे पत्रे, साखळ्या, वाळूची पोती लावून त्याच्याविरुद्ध फरक पडत नाही. खांद्यावरून डागायच्या आरपीजीच्या जुन्या गोळ्याविरुद्ध थोडा पडतो, पण पोत्यांचं वजन पुढच्या टॉर्शन बारवर (चाकांना झेलणाऱ्या पोलादी दांड्यांवर) येतं आणि पुढची चाकं लवकर बसतात.

ट्रकबॉम्ब: तोफेची खरी कसोटी

आयसिसचा ठरलेला डाव असा: दोन-तीन चिलखती ट्रक पुढे सोडायचे, बांध फोडायचा, मागून पायदळ घालायचं. ३ मे २०१६ला मोसुलच्या उत्तरेच्या तेलस्कुफ गावात ट्रकांबरोबर बुलडोझरही होते. त्या दिवशी आघाडी फुटली, गाव काही तासांसाठी गेलं, अमेरिकी नौदलाचा एक कमांडो (नेव्ही सील) मारला गेला, आणि विमानांच्या मदतीने संध्याकाळपर्यंत गाव परत घेतलं गेलं.

अशा ट्रकपुढे टी-५५ला किती वाव आहे ते मोजून बघू. ट्रक १,५०० मीटरवर दिसला, वेग ताशी ५० किमी, म्हणजे सेकंदाला सुमारे १४ मीटर. तो ४०० मीटरच्या आत आला तर फुटला तरी नुकसान करतो. हातात १,१०० मीटर, म्हणजे ७९ सेकंद. टी-५५चा भरणारा मिनिटाला चार गोळे भरतो असं धरलं, तर पहिला आधीच नळीत असेल तर सहा गोळे जातात. नसेल तर पाच. कागदावर हा वेग सात गोळ्यांपर्यंत सांगतात, पण काडतुसासह अख्खा गोळा ३० किलोचा, भरणारा तोफेच्या उजवीकडे बसतो आणि त्याला डाव्या हाताने गोळा आत ढकलावा लागतो. हाताशी असलेले पहिले काही गोळे संपले की पुढच्या हलमधल्या, चालकाच्या उजवीकडच्या १८ गोळ्यांच्या फडताळापर्यंत पोचावं लागतं, आणि वेग निम्म्यावर येतो. म्हणून पाळीच्या सुरुवातीला गोळ्यांची जागा ठरवणं हे नेमबाजीइतकंच महत्त्वाचं.

अंतर काढायला लेसर नाही. टाइप ६९च्या एका प्रकारावर लेसर मापक असतो, पण तो तोफेच्या वर उघड्यावर बसवलेला, म्हणजे पहिल्या किरचीत गेला. टी-५५च्या नेमबाजाकडे दुर्बिणीतली मापपट्टी आणि साधं गणित: ट्रक ३ मीटर उंच आणि पट्टीवर ३ मिल (१ मिल म्हणजे हजार मीटरवर एक मीटर) दिसला तर अंतर १,००० मीटर, २ मिल दिसला तर १,५००. बांधावरच्या पाळीत याहून सोपा मार्ग असतो. दिवसा निवांत वेळी रस्त्यावरची वळणं, पडकी घरं, विजेचे खांब यांची अंतरं मोजून एका पत्र्यावर लिहून ती बुरुजात टांगायची. ट्रक खांबापाशी आला की १,२००. डी-१०चा गोळा सेकंदाला ९०० मीटरच्या आसपास वेगाने निघतो आणि पहिल्या हजार मीटरमध्ये वाट बरीच सपाट असते, त्यामुळे तिथे पन्नास मीटरची चूक खपून जाते. १,५००वर खपत नाही.

गोळा कुठला? स्वाभाविकपणे हात चिलखतभेदीकडे जातो. चूक. ट्रकवर वेल्ड केलेला पत्रा एक-दोन सेंटिमीटरचा असतो. घन पोलादी गोळा तो फोडून मागून निघून जातो आणि इंजिन किंवा चालक मध्ये आला नाही तर ट्रक चालतच राहतो. इथे हवा तो ओएफ-४१२, साधा स्फोटक गोळा, १५.६ किलोचा, आत सुमारे दीड किलो स्फोटक. त्याच्या फ्यूजवर, म्हणजे गोळा फोडणाऱ्या टोकावरच्या यंत्रणेवर, एक टोपी असते. टोपी काढली तर गोळा टेकताक्षणी फुटतो आणि किरची जमिनीलगत पसरतात, म्हणजे उघड्यावरच्या पायदळासाठी. टोपी ठेवली तर किंचित आत शिरून फुटतो, ट्रकसाठी हे बरं. फ्यूजवरचा खटका विलंबावर फिरवला तर भिंत किंवा छप्पर फोडून आत फुटतो. बाशिकाच्या काँक्रीटच्या घरांसाठी हाच. घाईत टोपी काढायची राहिली म्हणून गोळा वाया जात नाही, पण टोपी काढून ठेवलेला गोळा पावसात किंवा फांद्यांतून मारला तर वाटेतच फुटण्याचा धोका असतो. म्हणून टोप्या आधीपासून काढून ठेवू नयेत.

ट्रकला मुळात ते अंतर ७९ सेकंदांत कापता येऊ नये यासाठी रस्त्यावर आडवा खंदक आणि नागमोडी बांध. वेग ५०वरून १५वर आला की तेवढ्याच अंतरात सहाऐवजी सतरा-अठरा गोळ्यांचा वेळ मिळतो. तोफेच्या कामगिरीचं अर्धं श्रेय बुलडोझरवाल्याचं असतं.

१६ डिसेंबर २०१५ला आयसिसने नावरान, बाशिका, तेल अस्वद आणि खाझिर अशा ठिकाणी एकाच वेळी हल्ला चढवला. लढाई सुमारे १७ तास चालली. आघाडी टिकली. अमेरिकेच्या नेतृत्वाखालच्या मित्रराष्ट्रांच्या सांगण्यानुसार त्यांच्या विमानांनी सुमारे १८० हल्लेखोर मारले, आणि तिथे असलेल्या कॅनडाच्या विशेष दलानेही गोळीबार केला. या लढाईत रात्र आडवी आली, आणि रात्र ही टी-५५ची सर्वांत कमकुवत बाजू. त्याची टीपीएन-१ रात्रदुर्बीण स्वतः पाहत नाही. तोफेशेजारचा इन्फ्रारेड दिवा लावला तर ८०० मीटरपर्यंत धूसर दिसतं. दिवा लावला की साधी रात्रदुर्बीण असलेल्या कुणालाही रणगाडा कुठे आहे ते कळतं. शिवाय इतक्या जुन्या गाड्यांत तो दिवा किंवा त्याचं जोडकाम चालू असेलच याची खात्री धरून चालत नाही. त्यावरचा उपाय जुनाच: दिवसा ठरलेल्या जागांवर तोफ रोखून बुरुजाचा कोन आणि तोफेचा चढ लिहून ठेवायचा, आणि रात्री हाक आली की डोळ्याने न बघता आकड्यांवर गोळा मारायचा. टी-५५मध्ये बुरुजाच्या कोनाची तबकडी आणि बाजूची पाणसळ असते, ती याचसाठी. या पद्धतीने तोफ १४ किमीच्या पुढेही मारते, फक्त मग ती रणगाड्याची तोफ राहत नाही, तोफखान्याची होते, आणि निरीक्षकाशिवाय तिला काही अर्थ नसतो.

उभ्या गाडीचे आजार

बांधावरची गाडी महिन्यात फार तर काही किलोमीटर चालते. त्यामुळे तिच्या तक्रारी चालत्या गाडीपेक्षा वेगळ्या असतात.

पहिली बॅटरी. चार बॅटऱ्या, २४ व्होल्टची व्यवस्था. इंजिन बंद ठेवून बुरूज विजेवर फिरवला, रेडिओ आणि आतला दिवा चालू ठेवला, मोबाइल चार्ज केले की दोन दिवसांत स्टार्टर फिरेनासा होतो. सोव्हिएत अभियंत्यांनी यावर दुसरा मार्ग ठेवला आहे: १५० वातावरण दाबाची हवा भरलेल्या नळकांड्यांमधून थेट सिलिंडरमध्ये हवा सोडून इंजिन फिरवायचं. टी-५५वर ही हवा भरायला इंजिनावरच कॉम्प्रेसर असतो. पण तो इंजिन चालल्यावरच भरतो, आणि जुन्या तांब्याच्या नळ्यांच्या जोडांमधून हवा झिरपते. म्हणून दोन्ही मार्ग एकाच सकाळी संपलेले आढळतात. मग उरतो तिसरा, दुसऱ्या गाडीने ओढून चालू करणं, आणि तो बांधाच्या चढावर करता येत नाही. नेम साधा: दिवसातून एकदा इंजिन चालवायचं, पाण्याचं तापमान ७० अंशांच्या वर जाईपर्यंत, आणि हवेचा काटा बघूनच बंद करायचं. चालू करण्याआधी विजेच्या पंपाने तेलाचा दाब किमान २ किलोपर्यंत चढवायचा. बॅटरी वाचवण्यासाठी ही पायरी गाळणाऱ्याच्या गाडीत क्रँकशाफ्टचं बेअरिंग आधी जातं.

दुसरी धूळ. या भागात उन्हाळ्यात तापमान ४५ अंशांपर्यंत जातं आणि बांधाची माती पिठासारखी बारीक होते. हवा आधी चक्राकार फिरून धूळ टाकते, मग तेलात भिजवलेल्या तारेच्या जाळीच्या कॅसेटमधून जाते. या कॅसेट डिझेलमध्ये धुऊन, निथळून, पुन्हा तेलात बुडवून बसवायच्या असतात. हे काम घाणेरडं आणि अवजड, म्हणून पुढे ढकललं जातं. कॅसेट कोरड्या पडल्या की धूळ सरळ पिस्टनच्या रिंगांपर्यंत. लक्षणं क्रमाने येतात: तेल जास्त लागतं, ब्रीदरमधून (इंजिनाच्या वायू बाहेर सोडणाऱ्या नळीतून) धूर येतो, सकाळी चालू व्हायला जास्त हवा लागते, चढावर ताकद कमी पडते. शेवटच्या लक्षणापर्यंत थांबलं तर इंजिन उतरवणं हाच मार्ग.

तिसरी तोफ. मागे धक्का खाणाऱ्या नळीला अडवणारा द्रवाचा ब्रेक आणि तिला पुन्हा जागेवर आणणारी हवा-द्रवाची कुपी, दोन्हींचे सील रबर-चामड्याचे. तीस-चाळीस वर्षांचे सील उन्हात सुकतात आणि नळीखाली तेलाची ओल दिसू लागते. नळी गोळ्यानंतर पूर्ण पुढे न येता दोन बोटं मागे थांबली तर तिथेच थांबायचं. पुढच्या गोळ्याला धक्का वाढतो आणि तुटतं ते बुरुजाच्या आत, माणसांच्या शेजारी. तोफ स्थिर ठेवणारी यंत्रणा, स्टॅबिलायझर, या वयाच्या गाडीत बंदच समजायची. बांधावर तिची गरजही नाही. बंद ठेवली तर तेवढी बॅटरी वाचते.

चौथा पट्टा. जुन्या पद्धतीच्या पट्ट्यात एका बाजूला ९० कड्या, सुक्या पिनांनी जोडलेल्या. पिना आतल्या बाजूने घातलेल्या असतात, बाहेर यायला लागल्या तर हलवरचा एक उंचवटा त्यांना ठोकून परत आत ढकलतो. पण तो ठोकतो गाडी चालताना. उभ्या गाडीत गंज पिना आणि कड्या धरून ठेवतो, आणि महिन्याने गाडी एकदम वळवली की पट्टा चाकावरून उतरतो. पुढच्या चाकाची कळ फिरवून ताण द्यायचा. ताण द्यायला जागाच उरली नाही तर एक कडी काढायची. चढावर कधीही जागच्या जागी वळायचं नाही. टी-५५चे दोन लीव्हर मधल्या खाचेत ओढले तर त्या बाजूचा पट्टा हळू होतो आणि गाडी मोठ्या वळणाने वळते. शेवटपर्यंत ओढले तर पट्टा थांबतो आणि गाडी गर्रकन फिरते. नवखा चालक दुसरंच करतो.

सुट्या भागांची बाजू मात्र अनपेक्षितपणे बरी. टाइप ५९चं इंजिन म्हणजे व्ही-५४चीच नक्कल, टी-६२चं इंजिन व्ही-५५चाच प्रकार. तीन गाड्यांमधून दोन चालू ठेवणं या घराण्यात शक्य असतं, आणि त्यासाठी लागतात ते क्रेन, मोठे पाने आणि धीर. टी-६२ची अडचण वेगळी. त्याची ११५ मिमीची तोफ १०० मिमीचा गोळा घेत नाही, आणि आघाडीवर दोन मापांचे गोळे पोचवणं म्हणजे रात्री चुकीची पेटी उघडण्याचं निमित्त. एका बांधावर एकच मापाची तोफ ठेवावी.

इंधनाचं एक. टी-५५मध्ये एकूण ९६० लिटर, त्यातलं सुमारे ३० टक्के बाहेर, उजव्या मडगार्डवरच्या पातळ पत्र्याच्या टाक्यांत. रस्त्यावरच्या ५०० किमीसाठी ते उपयोगी. बांधावर उभ्या गाडीला त्याचा काहीच उपयोग नाही, आणि किरचीने टाकी फुटली की डिझेल इंजिनाच्या जाळीवर ओघळतं. आधी बाहेरच्या टाक्या रिकाम्या कराव्यात, मग आतल्या वापराव्यात. उलट करणारे बरेच.

ऑक्टोबर २०१६: बांध सोडून पुढे

१७ ऑक्टोबर २०१६ला मोसुलची मोहीम सुरू झाली. पहिल्या दिवशी खाझिरच्या बाजूने सुमारे ४,००० पेशमर्गा पुढे सरकले. २० ऑक्टोबरला नावरान आणि बाशिकाच्या बाजूने दुसरा जोर लागला. तो दिवस महागात पडला. पेशमर्गांच्या सेनापतींनी त्याच दिवशी जाहीर तक्रार केली की मित्रराष्ट्रांची विमानं या वेळी पूर्वीसारखी निर्णायक ठरली नाहीत.

टी-५५चा हिशेब इथे पालटतो. बांधावर त्याची बाजू आणि पाठ झाकलेली होती, आता उघडी. रस्त्याकडेला पुरलेले सुरुंग, आणि टी-५५च्या तळाचं पोलाद फक्त २० मिमीचं. गावांमध्ये बोगदे, म्हणजे पुढे गेलेल्या गाडीच्या मागून माणूस निघतो. वर ड्रोन: त्याच महिन्याच्या सुरुवातीला मोसुलच्या उत्तरेला पाडलेल्या एका ड्रोनमध्ये लपवलेल्या स्फोटकांनी दोन पेशमर्गा मारले गेले होते. आणि चालक झाकण लावून बसला की त्याला दोन अरुंद काचांमधून दिसतं ते तेवढंच. झाकण उघडं ठेवलं तर शत्रूच्या लपलेल्या बंदूकधारी नेमबाजांचं भय.

अशा वेळी योग्य क्रम पुढीलप्रमाणे. रणगाडा गावाच्या हद्दीबाहेर हजार-बाराशे मीटरवर थांबतो. चिलखती बुलडोझर रस्ता सोडून शेतातून नवी वाट काढतो, कारण सुरुंग रस्त्यावर जास्त असतात. रणगाडा बुलडोझरच्या पुढच्या घरांवर विलंबी फ्यूजचे गोळे मारतो, खिडकीत नाही, खिडकीच्या खाली, कारण बोगद्याचं तोंड बहुधा जमिनीच्या पातळीवर असतं. बुलडोझर नवा छोटा बांध लोटतो, रणगाडा त्याच्या आड येतो, पायदळ पुढे जातं. म्हणजे बांधच पुढे सरकतो. वेग कासवाचा, पण ४३ गोळ्यांची गाडी अशा कामात सकाळीच रिकामी होऊ शकते, म्हणून पुढे जाण्याआधी दारूगोळ्याचा ट्रक कुठे थांबणार ते ठरलेलं हवं. टी-५५ रस्त्यावर सोडून गेला तर सुरुंग, गल्लीत घुसला तर आरपीजी, आणि रांगेत पुढे राहिला तर त्याची वाट बघणारं क्षेपणास्त्र.

ओळख पटवणं हा वेगळा प्रश्न. टी-५५ आयसिसकडेही होते. आकाशातून दोघांचं छप्पर सारखंच. म्हणून पेशमर्गांच्या रणगाड्यांवर लाल, पांढरा, हिरवा आणि मध्ये २१ किरणांचा पिवळा सूर्य असलेला भलामोठा झेंडा दिसतो. फोटोत ते देशप्रेम वाटतं, आणि ते असतंही. पण त्याचं दुसरं काम आपल्याच बॉम्बपासून वाचण्याचं आहे. देबेकाच्या लढाईत अमेरिकी विमानाने चुकून मित्रांच्याच जमावावर बॉम्ब टाकला होता, त्यात अनेक पेशमर्गा गेले.

७ नोव्हेंबरला पेशमर्गा बाशिकात शिरले. मोसुल शहरात त्यांनी जायचं नाही असं आधीच ठरलं होतं, त्यामुळे रणगाड्यांचं काम तिथे थांबलं आणि नव्या हद्दीवर नवे बांध उभे राहिले. जवळच तुर्की फौजेचा तळ होता आणि त्यांच्याकडे आपले रणगाडे होते. पेशमर्गांचे टी-५५ त्यांच्या शेजारी उभे राहिले की कोण कुणाच्या आधारावर लढतंय हे सांगायला तज्ज्ञ लागत नव्हता.  

पुढच्याच वर्षी, २५ सप्टेंबर २०१७च्या स्वातंत्र्याच्या सार्वमतानंतर, १६ ऑक्टोबरला बगदादच्या फौजा किर्कुकमध्ये आल्या आणि समोर एब्रॅम्स होते. अल्तुन कुप्रीजवळच्या चकमकीत त्या रणगाड्यांना अडवायला पेशमर्गांनी वापरलं ते मिलान. एब्रॅम्सच्या समोरच्या चिलखतावर १०० मिमीच्या चिलखतभेदी गोळ्याचा काहीच परिणाम होत नाही, आणि एब्रॅम्सची थर्मल दुर्बीण टी-५५च्या नेमबाजाला काही दिसण्याआधीच त्याला शोधते. आयसिसविरुद्ध कामाला आलेला बांध, सपाट ओटा आणि अंतरांचा पत्रा, यातलं काहीही त्या दिवशी टी-५५च्या बाजूने नव्हतं.